रुसाल्का : एका जलपिशाचाचे नाव आणि रूप

आजच्या रशियन भाषेत ‘रुसाल्का’ हा शब्द उच्चारला, की शहरातील वाचकाच्या डोळ्यांपुढे कमरेपर्यंत स्त्री आणि कमरेखाली मासा अशी एक सुंदर आकृती उभी राहते. पोलेस्येच्या दलदलीच्या मुलखातील, म्हणजे युक्रेन व बेलारूस यांच्या सीमेवरील एखाद्या वृद्ध शेतकरणीने वर्णिलेली रुसाल्का मात्र दोन पायांवर चालत राय धान्याच्या शेतातून जाते. तिचे केस मोकळे असतात, अंगावर तिला पुरताना नेसवलेली वस्त्रे असतात, आणि पुष्कळदा ती त्याच गावातल्या कोणाची तरी अकाली मेलेली मुलगी असते. पहिल्या रुसाल्केला कुळगोत नाही. दुसरीला आईबाप आहेत, गाव आहे आणि मरणाची हकीकतही आहे. एकाच शब्दाचे हे दोन अर्थ एकमेकांपासून इतके दूर कसे गेले, आणि ह्या प्रवासात कोणती गोष्ट मागे पडली, हा प्रश्न केवळ कोशकाराच्या जिज्ञासेचा नाही. शब्दाचा अर्थ बदलला त्याबरोबर ज्या माणसांच्या मरणातून तो अर्थ निर्माण झाला होता, ती माणसेही दृष्टीआड झाली.

शब्दाच्या व्युत्पत्तीविषयी एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात बऱ्याच हौशी कल्पना प्रचलित होत्या. कोणी तो ‘रूस्लो’ म्हणजे नदीचे पात्र ह्यापासून साधला, तर कोणी ‘रूसी’ म्हणजे पिंगट केसांचा ह्या विशेषणापासून. ध्वनिसाम्य आणि इष्ट अर्थ हाती आला की व्युत्पत्ती सिद्ध झाली, असे मानण्याची प्रवृत्ती त्या काळी केवळ रशियातच होती असे नव्हे. व्हिएन्ना येथील स्लाव्ह भाषापंडित फ्रान्झ मिक्लोशिच यांनी १८६४ मध्ये ‘रुसालिया’ या सणावर जो निबंध प्रसिद्ध केला, त्याने ह्या कल्पनांना बाजूस सारले. मृतांच्या थडग्यांवर गुलाब वाहण्याचा ‘रोसालिया’ नावाचा सण रोमन साम्राज्यात पाळला जात असे. हे नाव बायझंटाइन ग्रीकांच्या मार्फत बाल्कनमधील स्लाव्ह लोकांकडे व तेथून पूर्वेकडे गेले आणि ईस्टरनंतरच्या पन्नासाव्या दिवसाच्या सुमारास येणाऱ्या उत्सवाला चिकटले. म्हणजे आधी सणाला नाव मिळाले, आणि सणाच्या दिवसांत फिरणाऱ्या पिशाचाला ते मागाहून मिळाले.

लेखी साधनांचा क्रमही ह्यालाच दुजोरा देतो. कीव्हच्या जुन्या इतिवृत्तात १०६८ च्या नोंदीत सैतान लोकांना देवापासून कसा दूर ओढतो हे सांगताना कर्णे, सोंगाडे व वाद्ये यांच्याबरोबर ‘रुसालिया’चा उल्लेख येतो. १५५१ मध्ये मॉस्कोत भरलेल्या धर्मसभेच्या ‘स्तोग्लाव’ ह्या निर्णयग्रंथातही संत जॉनच्या रात्री स्त्रीपुरुष मिळून जे नाचगाणे करीत, त्याचा ह्याच नावाने निषेध केलेला आहे. दोन्ही ठिकाणी सण आहे, परंतु पिशाच नाही. पिशाचवाचक ‘रुसाल्का’ हा शब्द साधनांत दिसू लागतो तो प्रामुख्याने अठराव्या शतकापासून. अर्थात नाव उशिरा लिहिले गेले म्हणून समजूतही उशिरा उपजली, असा निष्कर्ष काढणे घाईचे ठरेल. ज्यांनी लिहिले ते मठातील साधू होते, आणि ज्या स्त्रियांना रुसाल्केचे भय होते त्यांना लिहिता येत नव्हते.

खेड्यांतील समजुतीचे रूप प्रदेशागणिक निराळे आहे. युक्रेनमध्ये रुसाल्का तरुण व देखणी. उत्तर रशियात कुरूप, केसाळ व लोंबत्या स्तनांची. वोरोनेझकडे काही गावांत तर तिला निरोप देण्याच्या सोहळ्यात घोड्याचे सोंग नाचवीत आणि त्या सोंगालाच रुसाल्का म्हणत. तथापि काही गोष्टी पुष्कळ ठिकाणी सारख्या आढळतात. वर्षभर ती पाण्यात राहते; त्रोइत्सा ह्या सणाच्या मागचा किंवा पुढचा एक आठवडा मात्र तिला मोकळीक असते. त्या आठवड्यात ती शेतातून हिंडते, बर्च झाडाच्या फांद्यांवर झोके घेते, आणि एकटे कोणी सापडल्यास गुदगुल्या करून त्याचा प्राण घेते. त्या दिवसांत स्त्रियांनी कपडे धुवावयाचे नाहीत, सूत कातावयाचे नाही, नदीवर स्नानाला जावयाचे नाही. तिच्या अंगावर धड वस्त्र नसते म्हणून झाडांवर सदरे व कापडाचे तुकडे टांगून ठेवावयाचे. भय आणि कणव यांची अशी सरमिसळ ह्या समजुतीत पदोपदी दिसते. वाटेत भेटलेली रुसाल्का हातात कोणती वनस्पती आहे असे विचारते. दवण्याच्या कुळातील ‘पोलिन’ ह्या कडू झुडपाचे नाव सांगितले तर ती पळून जाते, ‘पेत्रुश्का’ हे भाजीचे नाव सांगितले तर माणसाचे मरण ओढवते. दोन्ही उत्तरांवर रुसाल्का जे बोलते ते त्या त्या नावाशी यमक जुळवणारे असते, हे भाषाभ्यासकाने विसरू नये. प्राण वाचणे वा जाणे येथे अनुप्रासावर अवलंबून आहे.

परंतु ही मुलगी कोण? ह्या प्रश्नाचे समाधानकारक उत्तर प्रथम दिले ते द्मित्री कोन्स्तान्तिनोविच झेलेनिन (१८७८–१९५४) यांनी. रशियन भूगोल संस्थेच्या दप्तरात गावोगावचे शिक्षक व पाद्री यांनी पाठविलेली हस्तलिखिते साचली होती. त्यांची सूची करण्याचे काम झेलेनिन यांनी केले आणि १९१६ मध्ये पेत्रोग्राद येथे अनैसर्गिक मृत्यू पावलेले लोक व रुसाल्का यांवरील त्यांचा ग्रंथ प्रसिद्ध झाला. रशियन शेतकरी आपल्या मृतांचे दोन वर्ग करतो, असे त्यांनी दाखविले. आयुष्य पुरे करून मेलेले ते ‘रोदितेली’. ह्या शब्दाचा अर्थ आईबाप. मराठी वाचकाला येथे ‘पितर’ शब्दाची आठवण झाल्यावाचून राहणार नाही. दुसरा वर्ग बुडालेले, फाशी घेतलेले, खून झालेले, बाप्तिस्म्यापूर्वीच गेलेली अर्भके, लग्नाआधी मेलेल्या मुली यांचा. ह्या दुसऱ्या वर्गासाठी झेलेनिन यांनी व्यात्का भागातील बोलीतून ‘झालोझ्निए’ हा शब्द उचलला: मातीत न पुरता फळ्या, फांद्या किंवा दगडांनी नुसते झाकून ठेवलेले. त्यांना नेमून दिलेले आयुष्य संपलेले नसते. ते उरलेले दिवस मरणाच्या जागीच काढतात, आणि जिवंतांना त्रास देतात. रुसाल्का म्हणजे ह्या वर्गातील स्त्रिया.

नुसते झाकून ठेवणे ही काही केवळ बोलीतील आलंकारिक उक्ती नव्हती. अपमृत्यूने गेलेल्याला भूमी स्वीकारत नाही, आणि बळेच पुरल्यास ती अवर्षणाने किंवा वसंतातील हिमाने सूड घेते, ही समजूत फार जुनी आहे. तेराव्या शतकातील व्लादिमीरचे बिशप सेरापिओन यांनी आपल्या प्रवचनात, पीक बुडाले म्हणून बुडालेल्यांची व फाशी घेतलेल्यांची प्रेते उकरून काढणाऱ्या लोकांची कडक शब्दांत हजेरी घेतली आहे. सोळाव्या शतकात माक्सिम ग्रेक यांना त्याच प्रथेविरुद्ध पत्र लिहावे लागले. तीनशे वर्षांत लोकांनी बिशपांचे ऐकले नव्हते असाच ह्याचा अर्थ. चर्चनेही एका बाजूने हा निषेध केला, पण दुसऱ्या बाजूने आत्मघात करणाऱ्याला धर्मविधीने मूठमाती देण्याचे नाकारले. ह्या पेचातून शहरांबाहेर ‘उबोगी दोम’ म्हणजे दीनगृह नावाचे खड्डे निर्माण झाले. बेवारस व अपमृत्यूची प्रेते तेथे वर्षभर आणून टाकीत. ईस्टरनंतरच्या सातव्या आठवड्यातील गुरुवारी, ज्याला ‘सेमिक’ म्हणत, गावकरी कफने व शवपेटिका घेऊन मिरवणुकीने जात, अनोळखी प्रेतांना स्वतःच्या हातांनी वस्त्रे घालीत, पुरीत आणि त्यांच्यासाठी प्रार्थना करवीत. १६०६ च्या मे महिन्यात मारल्या गेलेल्या तोतया द्मित्रीचे प्रेत अशाच दीनगृहात टाकले होते. पुढे थंडीची लाट येऊन हिरवळ जळाली, तेव्हा लोकांनी दोष त्याला दिला. प्रेत उकरून जाळण्यात आले. दीनगृहांची ही व्यवस्था १७७१ मध्ये दुसऱ्या कॅथरीनच्या कारकीर्दीत बंद झाली.

सेमिक आणि रुसाल्केचा आठवडा हे पंचांगात शेजारी शेजारी आहेत, हा योगायोग मानण्याचे कारण नाही. व्लादिमीर प्रॉप यांनी १९६३ च्या रशियन कृषिउत्सवांवरील ग्रंथात ह्या विधींचा उगम शेतीच्या चिंतेत शोधला. झेलेनिन यांचा भर मृतांवर होता. अभ्यासकांत हे दोन पक्ष परस्परविरोधी म्हणून मांडण्याची रीत पडली आहे. पण सेरापिओन यांच्या प्रवचनातील शेतकरी ज्या कुदळीने प्रेत उकरतो ती पावसासाठीच उकरतो. त्याच्या मनात जो भेद नव्हता तो ग्रंथांच्या कपाटात निर्माण झालेला आहे.

आता रुसाल्का गावाबाहेर कशी पडली ते पाहू. तिचा नागर जीवनातील प्रवेश रंगभूमीवरून झाला, आणि तोही परक्या वेषात. हेन्स्लर यांची संहिता व फर्डिनांड काउअर यांचे संगीत असलेला ‘डॅन्यूबची जलकन्या’ हा संगीतप्रयोग १७९८ मध्ये व्हिएन्नात गाजला. १८०३ मध्ये क्रास्नोपोल्स्की यांनी तो सेंट पीटर्सबर्गच्या रंगमंचावर आणला तेव्हा डॅन्यूबच्या जागी द्नीपर नदी आली, नायिकेचे नाव लेस्ता झाले, आणि नाटकाचे नाव ‘द्नीपरची रुसाल्का’. यंत्रांनी साधलेली दृश्यांतरे व गोड चाली यांमुळे त्याचे पुढचे भागही निघाले. जर्मन जलकन्येला स्लाव्ह नाव देण्याचा हा व्यवहार त्या वेळी कोणालाच खटकला नाही, कारण तिकीट काढून बसणाऱ्यांपैकी फारच थोड्यांनी खऱ्या रुसाल्केचे नाव दाईच्या तोंडून ऐकण्यापलीकडे काही अनुभवले होते.

ह्या इतिहासात १८३७ हे वर्ष विशेष लक्षणीय आहे. त्या वर्षाच्या आरंभी पुश्किन यांचा अंत झाला आणि त्यांच्या कागदांत सापडलेले एक अपुरे नाटक ‘सोव्रेमेन्निक’ मध्ये छापले गेले. ‘रुसाल्का’ हे त्याचे नाव संपादकांनी दिले. त्याच वर्षी झुकोव्स्की यांनी फुके यांच्या ‘उंडीने’ ह्या जर्मन कथेचे रशियन पद्य रूपांतर पुस्तकरूपाने प्रसिद्ध केले. त्याच वर्षी कोपनहेगन येथे अँडरसन यांची समुद्रकन्येची कथा बाहेर पडली. आणि बुदा येथे त्याच वर्षाचा शिक्का घेऊन ‘द्नीस्तरची रुसाल्का’ हा संग्रह छापला गेला. गालिसियातील तीन तरुण युक्रेनी लेखकांनी लोकांच्या बोलीत काढलेल्या ह्या पुस्तकाच्या बहुसंख्य प्रती ल्विव्हमध्ये जप्त झाल्या. पिशाचाचे नाव येथे एका भाषेच्या अस्मितेचे नाव झाले; सरकारी परीक्षकाला रुसाल्केचे भय वाटावे हा तिच्या इतिहासातील एक विलक्षण प्रसंग होय.

ह्या चार पुस्तकांत पुश्किन यांचे नाटक गावातील समजुतीच्या सर्वांत निकट आहे. गिरणीवाल्याची मुलगी राजपुत्राच्या प्रेमाला भुलते. तो दुसरीशी विवाह करावयास निघाल्यावर गर्भवती असतानाच द्नीपरमध्ये उडी घेते आणि रुसाल्कांची राणी होते. बाप वेडा होऊन स्वतःला कावळा समजू लागतो. काही वर्षांनी राजपुत्र त्या काठावर परत येतो, पाण्यातून एक लहान मुलगी बाहेर येते, आणि तिला पाहून त्याने विचारलेल्या प्रश्नापाशी हस्तलिखित थांबते. येथे अपमृत्यू आहे, मरणाच्या जागी उरलेले आयुष्य काढणे आहे, सूड आहे. पुश्किन यांनी भर घातली ती अपराध्याची. खेड्यातील समजुतीत मुलगी बुडाली एवढे पुरेसे असते, तिला कोणी बुडविले हे विचारले जात नाही. नाटकात त्या माणसाला नाव नसले तरी पद आहे. दार्गोमिझ्स्की यांनी ह्याच नाटकावर रचलेली संगीतिका १८५६ मध्ये रंगभूमीवर आली, आणि तिच्यातील वेड्या गिरणीवाल्याची भूमिका पुढे शाल्यापिन यांनी अजरामर केली.

गोगोल यांच्या १८३१ च्या ‘मेमधील रात्र’ ह्या कथेत सावत्र आईच्या छळाने बुडालेली मुलगी आहे. त्या कथेवरून क्राम्स्कोई यांनी १८७१ मध्ये काढलेले चित्र फिरत्या प्रदर्शनांच्या मंडळाच्या पहिल्याच प्रदर्शनात मांडले गेले. चांदण्यात तळ्याकाठी बसलेल्या त्यातील पांढऱ्या वस्त्रांतल्या स्त्रिया भीतीपेक्षा शोकच अधिक जागवतात. एवढे मात्र खरे की त्यांना पाय आहेत.

शेपूट आले ते भाषांतरातून. अँडरसन यांच्या नायिकेसाठी डॅनिश भाषेत जो शब्द आहे त्याचा सरळ अर्थ समुद्रस्त्री. ती कधी माणूस नव्हती, ती मेलेली नाही, तिला आत्मा हवा आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस आना व पीटर हान्सेन यांनी केलेल्या रशियन भाषांतरात तिला ‘रुसालोच्का’ म्हणजे लहानशी रुसाल्का हे लाडके नाव मिळाले, आणि मुलांच्या पिढ्यान्‌पिढ्या ह्याच शब्दावर वाढल्या. वस्तुतः अर्धी स्त्री अर्धा मासा अशा प्राण्यासाठी रशियन लोकभाषेत ‘फारावोन्का’ हा शब्द होता: तांबड्या समुद्रात बुडालेल्या फाराओच्या सैन्याचे मासे झाले, ह्या दंतकथेवरून तो आला. व्होल्गाकाठच्या लाकडी घरांच्या दर्शनी पट्ट्यांवर ह्या फारावोन्का कोरलेल्या आढळतात. भाषांतरकारांनी तो शब्द घेतला असता तर दोन कल्पना निराळ्या राहिल्या असत्या. तसे झाले नाही, आणि परिणाम कधी कधी हास्यास्पद झाला. ‘रुस्लान आणि ल्युदमीला’ ह्या काव्याला पुश्किन यांनी १८२८ मध्ये जोडलेल्या प्रस्तावनेत एक रुसाल्का झाडाच्या फांदीवर बसलेली आहे. गावातील समजुतीप्रमाणे ते अगदी यथास्थित आहे. नंतरचे चित्रकार मात्र तिला शेपूट लावतात, आणि मासा झाडावर कसा चढला ह्याचा खुलासा वाचकावर सोपवतात.

द्वोर्झाक यांची प्राग येथे ३१ मार्च १९०१ रोजी प्रथम सादर झालेली संगीतिका ह्याच प्रवाहातील. क्वापिल यांच्या संहितेत एर्बेन आहेत, फुके आहेत, अँडरसन आहेत. नायिका माणूस होण्यासाठी वाणी गमावते आणि शेवटी तिचे चुंबन राजपुत्राचा प्राण घेते. नाव स्लाव्ह आहे, दुःख डॅनिश आहे. संगीताची थोरवी ह्याने कमी होत नाही, पण ह्या संगीतिकेवरून स्लाव्ह लोकसमजूत शिकू पाहणाऱ्याची फसगत होते.

झेलेनिन यांच्या ग्रंथाच्या एकच वर्ष आधी, १९१५ मध्ये, मुंबई येथे आर. ई. एन्थोव्हेन यांनी कोकणातील लोकसमजुतींच्या टिपणांचा खंड प्रसिद्ध केला. नाशिक येथे १९०९ मध्ये मारले गेलेले जॅक्सन यांनी ती सामग्री शाळामास्तरांकडे प्रश्नावली पाठवून जमविली होती. अपत्य झाल्यावर पाण्यात जीव दिलेल्या तरुण स्त्रियांच्या आसरा होतात, त्या पाण्यातच राहतात आणि दुपारी, तिन्हीसांजेला वा मध्यरात्री जवळ येणाऱ्याला झपाटतात, अशी माहिती त्यात नोंदविलेली आहे. ‘आसरा’ हे ‘अप्सरा’ शब्दाचेच रूप. म्हणजे येथेही एका सुंदर नावाखाली विहिरीतले मरण झाकलेले आहे. रुसाल्का व आसरा यांच्यात ऐतिहासिक संबंध आहे असे म्हणण्यास काहीच आधार नाही, आणि तसा तो जुळविण्याचा मोह टाळलेला बरा. परंतु मराठीत रुसाल्केला ‘जलपरी’ म्हणण्याचा जो प्रघात आहे, तो अँडरसन यांच्या कथेपुरता ठीक असला तरी पुश्किन यांच्या नाटकाला लावणे हे हान्सेन दांपत्याचा गोंधळ दुसऱ्या भाषेत पुन्हा घालण्यासारखे आहे. तेथे ‘आसरा’ अधिक जवळचा. आणि पोलेस्येच्या टिपणांसाठी मूळ शब्द ठेवणे इष्ट.

सोव्हिएत काळात त्रोइत्सा सणावर बंधने आली. १९६० नंतरच्या दशकात ‘रशियन बर्चचा उत्सव’ म्हणून त्याची धर्मविरहित आवृत्ती निघाली. झाड राहिले, त्यावर झोके घेणारी वगळली गेली. ह्याच काळात निकिता टॉलस्टॉय यांच्या नेतृत्वाखाली भाषाभ्यासकांच्या तुकड्या पोलेस्येत हिंडून गावोगाव एकाच प्रश्नावलीने उत्तरे लिहून घेत होत्या. ल्युदमिला विनोग्रादोवा यांचे रुसाल्केवरील काम ह्याच सामग्रीवर उभे आहे, आणि १९९५ ते २०१२ या काळात पाच खंडांत पुऱ्या झालेल्या स्लाव्ह पुरातत्त्वांच्या भाषिक-लोकविद्या कोशालाही तिचाच मोठा आधार आहे. विवाहापूर्वी मेलेली मुलगी वधूवेषात पुरली जाते आणि त्याच वेषात रुसाल्का होऊन फिरते, हा तपशील तेथे वारंवार नोंदला गेला. १९८६ मध्ये ह्याच प्रदेशात चेर्नोबिलचा अपघात झाला आणि कित्येक गावे उठवावी लागली. त्या नगराचे नाव रुसाल्केला पळवून लावणाऱ्या पोलिनच्याच एका भाईबंद वनस्पतीवरून पडलेले आहे.

एकविसाव्या शतकात रुसाल्का शहरात राहावयास आली. आना मेलिक्यान यांच्या २००७ च्या ‘रुसाल्का’ ह्या चित्रपटातील आलिसा समुद्रकाठाहून मॉस्कोत येते, भ्रमणध्वनियंत्राच्या आकाराचे सोंग अंगावर चढवून रस्त्यावर जाहिरात करते, नदीत पडलेल्या आणि चंद्रावरचे भूखंड विकणाऱ्या एका माणसाला वाचवते, आणि अखेर मोटारीखाली सापडते. लहानपणी तिने बोलणे सोडलेले असते, केस हिरवे केलेले असतात. हे सर्व अँडरसनकडून आले आहे. पण मृत्यूनंतर शहर क्षणभरही थांबत नाही, हे दीनगृहांच्या इतिहासाला धरून आहे. २०१८ मध्ये पोद्गायेव्स्की यांनी काढलेल्या भयपटात सरोवरातील मृत स्त्री लग्न ठरलेल्या तरुणाला ओढून नेऊ पाहते. चित्रपट सामान्य असला तरी त्याने रुसाल्केला तिचे मेलेपण परत दिले. पोलंडमध्ये २०१५ साली स्मोचिन्स्का यांनी केलेल्या चित्रपटातील माणसे खाणाऱ्या दोन बहिणी १९८० च्या सुमाराच्या वॉर्सा येथील नृत्यगृहात गातात. त्यांना शेपटे आहेत, आणि तेथे शब्दही निराळा, ‘सिरेना’, वापरला जातो. पोलिश भाषेने दोन कल्पनांना दोन नावे ठेवली.

सर्वांत वादग्रस्त रूपांतर म्यूनिक येथे २०१० मध्ये झाले. मार्टिन कुशेय यांनी द्वोर्झाक यांची संगीतिका बसविताना तळे पुसून टाकले आणि त्याच्या जागी एका घराखालचे ओले तळघर दाखविले. जलराज हा तेथे मुलींना कोंडून ठेवणारा बाप आहे. ऑस्ट्रियात २००८ मध्ये उघडकीस आलेल्या एका कैदेची आठवण प्रेक्षकांना करून द्यावी लागली नाही. परीकथेचा विध्वंस केला म्हणून दिग्दर्शकावर टीका झाली. तथापि फळ्यांनी झाकून ठेवलेली, आयुष्य न संपलेली, आणि घराच्या अगदी जवळ असूनही कोणी न विचारलेली मुलगी हाच ‘झालोझ्निए’ ह्या शब्दाचा अर्थ होता. द्वोर्झाक यांच्या सुरेल तळ्यात जो बुडाला होता, तो त्या तळघरात पुन्हा दिसू लागला.